कोरडी थू

मावशी जेवढे काम शब्दांकडून करून घेत, त्याहून अधिक एका ध्वनीकडून करून घेत. तो ध्वनी कागदावर 'थू' असा लिहावा लागतो, आणि तसा लिहिताच तो बिघडतो, कारण वाचणाऱ्याच्या डोळ्यांपुढे थुंकी येते. मावशींच्या थूमध्ये थुंकी नव्हती. हे वाक्य आज मी सहज लिहिले. ज्या दिवशी ते लिहिणे माझे काम होते, त्या दिवशी मी ते लिहिले नाही.

लवळ्याच्या टेकडीखाली मुलींचे एक खासगी वसतिगृह आहे. त्याचा मी सहा वर्षे व्यवस्थापक होतो. मी मूळचा धाराशिवकडचा. नोकरीपायी इकडे आलो आणि मारुंजीत भाड्याच्या घरात राहिलो. मावशी वसतिगृहाच्या स्वयंपाकघरात भाकरी करीत. त्या जवळच्याच भरे गावच्या. घरी मेंढ्या आणि शेळ्या होत्या, थोडी भातशेती होती. सकाळी सहाला दुधाच्या टेम्पोत पुढच्या बाजूला बसून त्या येत. मांडीवर एक लाकडी काठवट असे. वसतिगृहात पीठ मळायला स्टीलच्या पराती भरपूर होत्या, पण त्यांत पीठ 'रुसतंय', असे त्यांचे मत होते. हजेरीपत्रकात त्यांचे पूर्ण नाव होते. इथे मी ते लिहीत नाही. त्यांचे नाव घालून एकदा मी एक कागद लिहिला आहे, तेवढे पुरे.

त्यांच्या थूचे प्रकार ओळखायला मला वर्षभर लागले असेल. कुकरची शिट्टी अचानक वाजली की त्या पोलक्याचा गळा दोन बोटांनी पुढे ओढून स्वतःच्या छातीवर 'थू थू' करीत. "तीस वर्सं रानात मेंढरं राखली, लांडग्याला भ्याली न्हाई," त्या म्हणत, "पन ह्या शिट्टीनं काळीज हालतंय." बाजारातून पाकिटबंद पोळ्या आल्या की एकच, लांब, घशातून निघणारी थूऽऽ. ती ऐकून आचारी पाकीट परत शीतकपाटात ठेवी. दाराशी कुत्रे आले की 'थुत्', त्यात राग कमी आणि ओळख जास्त. परीक्षेच्या दिवसांत एखादी मुलगी म्हणे, "मावशी, या वेळी नापास झाले तर मी जगणारच नाही," तेव्हा तीन थू, भराभर, ताटातले खडे वेचून टाकावेत तशा. "वंगाळ बोलू नगं. पोट रिकामं आसलं की असलं सुचतंय. खा आदी."

पण त्यांची खरी थू निराळी होती. ती जोडीने येई, ओठ जेमतेम मिटून उघडत, मान किंचित बाजूला वळे, आणि डोळे मात्र समोरच्या माणसावर राहत. कोणाचे काही चांगले झाले, कोणी देखणे दिसले, कोणी आजारातून उठले, की ही थू. तिच्याआधी निंदा करण्याची रीत होती. पाठीवर मोकळे केस सोडून कोणी मुलगी समोर आली की त्या म्हणत, "कसली देखणी, बुजगावन्यावानी दिसतीयास. थू थू." ज्या गोष्टीची कोणी थुंकून निंदा केली, ती कोणाच्या डोळ्यांत भरत नाही, असा त्यामागचा हिशेब.

जुन्या मुलींना हे ठाऊक होते. परीक्षेच्या पहिल्या दिवशी स्वयंपाकघराच्या खिडकीपुढे रांग लागे. "मावशी, थू करा ना लवकर, बस जाईल."

"तुजं काय करायचं, तू तर हैसच कुरूप."

"तरी पण करा."

"थू थू. जा. पेन घिटलास का?"

नव्या मुलींची मात्र भंबेरी उडे. दरवर्षी जुलैत एखादी रडत माझ्या खोलीत येई: "सर, त्या मावशी माझ्यावर थुंकल्या." मग मी तिला समजावून सांगे. पुढेपुढे तर मी प्रवेशाच्या दिवशीच आईवडिलांना सांगून टाकू लागलो: आमच्याकडे एक मावशी आहेत, त्या कोरडी थू करतात, ती दृष्ट काढण्याची रीत आहे, गैरसमज नसावा. पालक हसत. एका आईने तर आपल्या धाकट्यालाही खिडकीपाशी नेले होते. सहा वर्षांत हे वाक्य मी किती वेळा उच्चारले असेन, याची मोजदाद नाही. ते माझे तोंडपाठ वाक्य होते, हे मी मुद्दाम नोंदवून ठेवतो.

एकदा मी त्यांना विचारले होते, "मावशी, ही सवय तुम्हाला कशी लागली?" मनात मला एखाद्या दुःखद कथेची अपेक्षा होती; शिकलेल्या माणसाला ती नेहमीच असते. मावशींनी तव्यावरची भाकरी उलटली आणि म्हणाल्या, "माजी आय करायची. तिची आय करायची. समद्याला कारन लागतंय व्हय सायेब तुमास्नी?" थोड्या वेळाने, मी अजून उभाच आहे हे पाहून, त्यांनी भर घातली, "त्यात थुकी नसतीया. निस्तं वारं असतंय. बघा." आणि त्यांनी माझ्या तळहातासमोर दोनदा थू थू केले. हात कोरडा होता. थोडी ऊब लागली, एवढेच.

माझ्या हृदयाची शस्त्रक्रिया झाली तेव्हा महिनाभराने मी कामावर रुजू झालो. सगळे म्हणाले, सर, छान दिसता, तब्येत सुधारली. मावशी लांबूनच बघत राहिल्या. गर्दी पांगल्यावर ताट घेऊन आल्या. ताटात मऊ भाकरी, बिनतिखटाचे पिठले. "काय सुदारलाय, वाळून पार चिपाड झालाय," त्या म्हणाल्या, आणि माझ्या छातीच्या दिशेने ती जोड-थू केली. माझी आई जाऊन तेव्हा बारा वर्षे झाली होती. मी मान खाली घालून जेवलो.

इतके सगळे मला ठाऊक होते. आता पुढचे.

श्रावणातली सकाळ होती. शेवटच्या वर्षातली एक मुलगी, नागपूरकडची, खराडीच्या एका कंपनीत मुलाखतीला निघाली होती. निळी साडी नेसून ती खिडकीपाशी आली. मावशींच्या पुढ्यात भाकरींची टोपली होती, हात पिठाचे होते. मी पाच हातांवर, चहाच्या मेजाशी, कप हातात धरून उभा होतो. "बगळ्याला कुनी निळं फडकं गुंडाळलं वो?" मावशी म्हणाल्या. मुलगी हसली. मावशींनी मान वळवली आणि थू थू केले. मुलगी खिडकीतूनच त्यांना वाकून नमस्कार करून गेली. मी चहा संपवला.

जेवणघरात कोणीतरी फोनवर सहज चित्रण करीत होते. ते कोणत्या मुलीने केले, हे मी कधी शोधले नाही. तिचा हेतू वाईट होता असेही मला वाटत नाही. पण त्या चित्रणाचा चार सेकंदांचा तुकडा दुपारपर्यंत पालकांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर पोहोचला. त्यात निळी साडी नव्हती. एका म्हातारीची बाजूने दिसणारी मान होती, खाली भाकरींची टोपली होती, आणि तो आवाज दोनदा होता.

संध्याकाळपर्यंत मला अनेक फोन आले. ज्यांना मी स्वतः प्रवेशाच्या दिवशी समजावले होते, त्यांतलेही काही होते. वसतिगृहाचे मालक पुण्याहून गाडी घेऊन आले. ते आरडाओरडा करणारे गृहस्थ नव्हते. खुर्चीत बसून म्हणाले, "खरं काय आहे ते मला सांगू नका. मला उद्या सकाळी कागद हवा, आणि त्याने पालक शांत व्हायला हवेत. नाहीतर व्यवस्थापनच बदललं, असं पालकांना कळवावं लागेल." व्यवस्थापन म्हणजे मी होतो. मी चोपन्न वर्षांचा होतो, औषधे चालू होती, मुलगा शिकत होता. ही कारणे मी स्वतःला पुष्कळदा सांगितली आहेत. ती खोटी नाहीत. पुरेशीही नाहीत.

त्याच संध्याकाळी नागपूरकडच्या मुलीचा निरोप आला: "सर, त्या माझी दृष्ट काढत होत्या. मी पालकांच्या ग्रुपवर लिहू का?" मी उत्तर पाठवले: "तू मुलाखतीच्या पुढच्या फेरीकडे लक्ष दे. इथले मी पाहतो."

मग मी अहवाल लिहिला. त्यातले मुख्य वाक्य मला पाठ आहे: 'सदर महिला कर्मचाऱ्याने अन्नपदार्थांनजीक थुंकल्यासारखा आवाज केल्याचे चित्रफितीत दिसून येते, प्रत्यक्षात थुंकी पडली किंवा कसे, याबाबत निश्चित निष्कर्ष काढता येत नाही.' या वाक्यातला एकही शब्द खोटा नाही. चित्रफितीत तसे दिसत होते. चित्रफितीवरून निष्कर्ष काढता येत नव्हता. फक्त तिथे मी उभा होतो, ही एक गोष्ट वाक्याबाहेर राहिली. कार्यालयीन भाषा मी तीस वर्षे कमावली होती. तिचा इतका नेमका उपयोग मी पूर्वी कधी केला नव्हता.

कामावरून कमी केल्याचे मावशींना सांगण्याचे कामही माझ्याकडेच आले. दुसऱ्या दिवशी सकाळी मी त्यांना माझ्या खोलीत बोलावले. बसा म्हटले तरी त्या उभ्याच राहिल्या. मी पालकांच्या तक्रारी, नियम, स्वच्छता, असे बरेच काही बोललो. त्यांनी सगळे ऐकून घेतले.

"पन तुमी हुता की तितं, सायेब," त्या म्हणाल्या.

"होतो."

"मंग?"

"माझ्या हातात नाही, मावशी."

त्यांनी माझ्या हातांकडे पाहिले. "बरं," म्हणाल्या. स्वयंपाकघरात जाऊन त्यांनी काठवट पुसली, जुन्या लुगड्याच्या तुकड्यात बांधली, आणि टेम्पोची वाट न पाहता ती डोक्यावर घेऊन चालत निघाल्या. ती लांबलचक, घशातली थू माझ्या वाट्याला येईल अशी माझी अपेक्षा होती. खरे तर इच्छाच होती. ती आली नाही. पुढे कित्येक दिवस मी याला त्यांचा मोठेपणा समजत होतो.

पालक शांत झाले. निळ्या साडीतल्या मुलीला नोकरी लागली. तिने पेढे आणले, माझ्या टेबलावर एक ठेवला, आणि माझ्याशी न बोलता गेली.

फाल्गुनात एकदा दुधाच्या टेम्पोवाल्याला मी मावशींची खुशाली विचारली. तोही भऱ्याचाच. कॅन उतरवता उतरवता म्हणाला, "बऱ्या हायेत म्हनायचं. पन औंदा देवाच्या उत्सवाला भाकरीवर न्हाई बसवनार त्यास्नी."

"का?"

"का म्हंजी? व्हिडू गावात आलाय की कवाच. पोरं फोनवर लावत्यात अन् हसत्यात. सोयरे-धायरे येनार जेवायला, त्येंच्या म्होरं कुटं..." त्याने वाक्य सोडून दिले आणि कॅन आत नेले.

भऱ्याच्या चैत्रातल्या उत्सवात सगळे गाव एका मांडवात जेवते. ओळीने चुली पेटतात, बायका भाकरी करतात, आणि पहिल्या चुलीवर कोण बसणार हे ठरलेले असते. तिथे बावीस-तेवीस वर्षे मावशी बसत आल्या होत्या. हे त्यांनीच मला कितीदा सांगितले होते. या एकाच बाबतीत त्या थू न करता स्वतःची स्तुती करीत. वसतिगृहातली नोकरी मी हिरावली होती, हे मला कळत होते. गावाने त्यांच्या हातचे खाणे सोडावे, इथपर्यंत माझे वाक्य चालत जाईल, हे मात्र माझ्या ध्यानात आले नव्हते.

मी मालकांना पत्र लिहिले. खरे काय ते लिहिले. ते म्हणाले, "जुनं कशाला उकरताय? झालं ते झालं." पालकांच्या ग्रुपवरही लिहिले. तीन जणांनी हात जोडल्याचे चिन्ह पाठवले, एकाने विचारले की वार्षिक शुल्क कधी भरायचे. मला काहीही शिक्षा झाली नाही. ज्या भीतीपोटी मी ते वाक्य लिहिले, तिच्यात एवढाच दम होता.

त्यानंतरच्या रविवारी मी भऱ्याला गेलो. मावशी अंगणात बसल्या होत्या, पुढ्यात दोन दिवसांचे करडू. सुनेने पाणी आणले. शेजारची एक बाई कुंपणावरून डोकावली. "काय गोजिरवानं हाय वो काकू, निस्तं कापसावानी."

मी आपसूक थूची वाट पाहिली. मावशींचे ओठ मिटले, मिटलेलेच राहिले. त्यांनी करडावर पदर ओढला आणि ते आपल्या मांडीखाली सरकवले. ती बाईही क्षणभर घोटाळून उभी राहिली, मग गेली.

मी म्हणालो, "मावशी, माझी चूक झाली. मी तिथे होतो आणि मी ते लिहिलं नाही. मला क्षमा करा."

"मला सांगून काय उपेग, सायेब?" आवाजात राग नव्हता. "म्या थुकली न्हाई, त्ये मला ठावंच हाय. ज्यास्नी ठावं न्हाई त्यास्नी सांगा."

"मी मालकांना लिहिलं. पालकांनाही."

"त्ये पुन्यातलं झालं. हितलं?"

 त्यांनी सुनेला माझ्यासाठी चहा टाकायला सांगितले. निघताना ती सून फाटकापर्यंत आली आणि हळूच म्हणाली, "व्हिडू आल्यापासनं आत्याबाई एकदाबी थू म्हनल्या न्हाईत. नातवाचं बारसं झालं, तरी न्हाई. मीच गुपचूप केली."

उत्सवाच्या दिवशी दुपारी मी मांडवात गेलो. खिशात चार परिच्छेदांचे निवेदन होते. आदल्या दिवशी मी ते दोनदा सुधारले होते. पंगत बसत होती. मावशी बायकांच्या ओळीत, कडेला, पाहुण्यांसारख्या बसल्या होत्या. चुलींच्या बाजूला त्या बघत नव्हत्या. कुस्त्यांची वेळ सांगणाऱ्या माणसाकडे मी ध्वनिक्षेपक मागितला. माझ्या कपड्यांकडे पाहून त्याने तो दिला. कोणी अधिकारी शुभेच्छा द्यायला आला असावा, असे त्याला वाटले असेल.

निवेदन मी बाहेर काढले नाही. म्हणालो, "मी लवळ्याच्या वसतिगृहाचा व्यवस्थापक. तुमच्या फोनवर जो व्हिडिओ आहे, तो घेतला तेव्हा मी पाच हातांवर उभा होतो. मावशी थुंकल्या नाहीत. समोर एक मुलगी होती, ती व्हिडिओत नाही. तिची त्यांनी दृष्ट काढली. मला हे माहीत होतं. माझी नोकरी जाईल म्हणून मी ते लिहिलं नाही. मी सहा वर्षं त्यांच्या हातचं जेवलो आहे."

 पुढच्या ओळीतले एक फेटेवाले म्हातारे माझ्याकडे वर बघून म्हणाले, "मंग तवा काय मूग गिळलं हुतं व्हय, सायेब?"

"हो," मी म्हणालो.

थोडे हसू पसरले. म्हाताऱ्यांनी मान हलवली. "आन् दिष्ट काडत्यात त्ये आमास्नी काय नवं सांगताय? आमच्या समद्यांच्या आयांनी तेच केलंया."

"ठावं हुतं न्हवं?" चुलींच्या बाजूने एका बाईचा आवाज आला. ती उलथणे हातात धरून उभी होती, धुराने डोळे लाल झालेले. "मंग काकूस्नी चुलीम्होरनं कुनी उठिवलं?"

 म्हाताऱ्यांनी आपल्या पत्रावळीकडे पाहिले. मी इतके महिने माझा अपराध एकट्याचा समजत होतो. त्यात इतके भागीदार असल्याचे पाहून मला हलके वाटायला हवे होते, वाटले नाही. ध्वनिक्षेपक परत देऊन मी पुरुषांच्या ओळीत, मोकळ्या जागी बसलो.

वाढप सुरू झाले. आमटी आली, भात आला, भाकरीची टोपली अर्ध्या ओळीतच संपली. उलथणेवाल्या बाईने पुन्हा हाक दिली, या वेळी साध्या आवाजात, "काकू, भाकरी पुरंना वो. जरा हात लावा की."

"मी न्हाई बाई. मी जेवनारी."

"मानसं खोळंबल्यात."

मावशी थोडा वेळ तशाच बसल्या. कोणी काही म्हणते का, याची वाट पाहत असाव्यात. मग पत्रावळ बाजूला सारून, गुडघ्यावर हात टेकून उठल्या. पाण्याच्या पिंपाशी जाऊन त्यांनी हात धुतले. दोन पावले चुलीकडे गेल्या, थांबल्या, मांडवावरून नजर फिरवली, आणि परत पिंपाशी आल्या. या वेळी त्यांनी हात वर धरून, कोपरापर्यंत, सगळ्यांना नीट दिसतील असे सावकाश धुतले. असे करताना मी त्यांना सहा वर्षांत कधी पाहिले नव्हते.

पीठ थापल्याचा आवाज सुरू झाला. माझ्या शेजारच्याने जेवायला सुरुवात केली. मी भाताला हात लावला नाही. मावशींची पहिली भाकरी माझ्यापर्यंत येईस्तोवर थांबायचे, असे ठरवून पत्रावळीपुढे बसून राहिलो.